निहोन र्‍योइकी आधी वाचावं की कोनजाकु? जपानी बौद्ध चमत्कारकथांमध्ये शिरणाऱ्यांसाठी

जपानी साहित्य वाचायचं ठरलं की बरेच जण थेट गेंजीवर (अकराव्या शतकातली दरबारी कादंबरी) नाहीतर हायकूवर जातात, आणि गेंजीच्याही जवळपास दोनशे वर्षं आधीपासून लिहिल्या गेलेल्या बौद्ध चमत्कारकथा राहूनच जातात. त्या वाचायच्या तर समोर मुख्य पर्याय तीन, निहोन र्‍योइकी, सानबोए आणि कोनजाकु मोनोगातारीशू. तिन्हीत सेत्सुवा आहेत म्हणजे तोंडातोंडी फिरलेल्या छोट्या गोष्टी, आणि बऱ्याच गोष्टी एकातून दुसऱ्यात गेल्यात, त्यामुळे कुठलंही एक उचललं तरी चालेल असं वाटतं. तसं नाहीये. माझं मत आधीच सांगतो, एकच वाचणार असाल तर र्‍योइकी वाचा. पण कोनजाकु आधी घ्यायलाही एक चांगलं कारण आहे, त्यावर येतोच.

र्‍योइकी लिहिलं नारामधल्या याकुशीजी मंदिराच्या क्योकाई नावाच्या भिक्षूने, साधारण 822 पर्यंत पूर्ण झालं. तीन भाग, 116 गोष्टी, सगळं चिनीत, कारण जपानीत गद्य लिहायची पद्धत तेव्हा अजून रुळलीच नव्हती. प्रस्तावनेत तो सरळ विचारतो की कर्मफळाच्या चिनी कथा आपण मान देऊन वाचतो मग आपल्याच देशात घडलेलं का मानायचं नाही? आणि मग तो जवळजवळ प्रत्येक गोष्टीत प्रांत, जिल्हा, गाव, माणसाचं नाव, जमेल तिथे साल असं सगळं देत जातो. चमत्कार कुठे झाला ते पत्त्यासकट. शिवाय फळ पुढच्या कुठल्यातरी जन्मात कधीतरी मिळेल असं नाही, बहुतेक वेळा इथेच, डोळ्यांदेखत मिळतं.

पहिल्या भागातली दहावी गोष्ट बघा. यामातो प्रांतातला एक गृहस्थ घरी प्रायश्चित्ताचा विधी ठेवतो आणि नोकराला सांगतो, रस्त्यात पहिला जो भिक्षू भेटेल त्याला घेऊन ये. येतो तो कुठलातरी फिरता भिक्षू. रात्री त्याला छान पांघरूण देतात, आणि त्याच्या मनात येतं की उद्याच्या दक्षिणेची वाट कशाला बघायची, हे पांघरूणच घेऊन पळावं. तेवढ्यात आवाज येतो, चोरू नकोस. बघतो तर गोठ्यातला बैल बोलतोय. बैल सांगतो की मी या घरधन्याचा बाप, मुलाला न विचारता भाताच्या दहा पेंढ्या दुसऱ्याला दिल्या म्हणून आता त्याच्याच घरी राबून फेडतोय, खोटं वाटत असेल तर उद्या माझ्यासाठी आसन मांडायला सांग, मी येऊन बसेन. दुसऱ्या दिवशी आसन मांडतात, बैल गुडघे टेकून त्यावर बसतो, मुलगा रडत रडत सगळं माफ करतो, बैलाच्याही डोळ्यांतून पाणी येतं आणि त्याच दिवशी तो मरतो. दीडेक पानाची गोष्ट आहे फक्त. पण त्यात चोरीचा मोह झालेला भिक्षू आहे, मुलाच्या घरी ओझी वाहणारा बाप आहे, आणि कर्ज केवढं, तर दहा पेंढ्या!

दुसरी एक सानुकी प्रांतातल्या श्रीमंत बाईची. जिल्ह्याच्या अधिकाऱ्याची बायको, उधार देताना लहान मापाने द्यायची आणि वसूल मोठ्या मापाने करायची, साकेत (तांदळाच्या दारूत) पाणी घालून विकायची. 776 साली मेली आणि सात दिवसांनी शवपेटी उघडली तर कमरेच्या वर बैल, कपाळावर शिंगं. घरच्यांनी मग मंदिरांना दानं केली, लोकांची कर्जं सोडून दिली. खोट्या मापाने नाडलेल्या माणसांचा राग त्या गोष्टीत अजून जिवंत आहे, आणि दरबारी साहित्यात हे लोक तुम्हाला शोधूनही सापडत नाहीत.

आणि तिसऱ्या भागात 38व्या गोष्टीत क्योकाई स्वतःबद्दल लिहितो, हे मला सगळ्यात मोलाचं वाटतं. भिक्षू असूनही बायकामुलं आहेत, घरात खायला नाही, त्याची लाज वाटते. 788 मध्ये त्याला स्वप्न पडतं की आपण मेलोय आणि आपलं प्रेत जळतंय पण नीट जळत नाहीये, तर तो शेजारी उभा राहून काठीने स्वतःचंच शरीर टोचून उलटंपालटं करतो आणि बाकीच्यांना दाखवतो की असं जाळायचं असतं. मग शेजारच्याच्या कानात ओरडतो, ऐकूच जात नाही. सातेक वर्षांनी भिक्षूंमधली एक पदवी मिळते तेव्हा त्याला वाटतं हाच त्या स्वप्नाचा अर्थ असावा. इतक्या जुन्या काळातला, मोठ्या पदावर नसलेला माणूस स्वतःबद्दल असं लिहितो हे फार दुर्मिळ आहे.

सानबोएबद्दल थोडक्यात. 984 साली मिनामोतो नो तामेनोरी याने ते राजकन्या सोन्शीसाठी लिहिलं, जी विशीच्या आतच भिक्षुणी झाली होती आणि पुढच्याच वर्षी वारली. मूळ पुस्तकात चित्रं होती, ती गेली, मजकूर तेवढा उरला. पहिल्या भागात जातककथा म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्मांच्या गोष्टी, दुसऱ्यात जपानमधल्या (त्यातल्या बऱ्याच र्‍योइकीतूनच घेतलेल्या), तिसऱ्यात वर्षभराचे विधी. आपल्याला पहिला भाग ओळखीचा वाटतो कारण सुरुवातच शिबी राजाने होते, जो अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात आहे, आणि शेवटची गोष्ट श्यामची, म्हणजे आंधळे आईबाप आणि राजाचा बाण, आपल्या श्रावणबाळाचीच, फक्त इथे तो पुन्हा जिवंत होतो. जातकांकडून येणाऱ्याने हे जरूर घ्यावं. पण तामेनोरी एका तरुण भिक्षुणीला धीर द्यायला लिहितोय, सूर हळुवार आहे, कडेकडेची खरखर नाही.

कोनजाकु म्हणजे सगळ्यात अवाढव्य. 1120 च्या आसपासचं, लेखक माहीत नाही, 31 खंड त्यातले 8, 18 आणि 21 नाहीत, तरी हजारावर गोष्टी उरतात. पहिले पाच खंड भारत, मग चीन, मग जपान. प्रत्येक गोष्टीची सुरुवात एकाच ठरलेल्या शब्दांनी आणि शेवट "असं सांगत आलेत म्हणे" अशा अर्थाच्या शब्दांनी. संवाद जास्त, घडामोडी जास्त, वाचायला सोपं. 19व्या खंडात सानुकीचाच एक खुनशी गावगुंड प्रवचन चालू असताना घुसतो, पश्चिमेकडच्या स्वर्गातला अमिदा बुद्ध हाक मारली तर ओ देतो असं ऐकतो, तिथल्या तिथे मुंडण करून घेतो आणि हाका मारत नाकासमोर पश्चिमेला चालत सुटतो, डोंगर नदी काही चुकवत नाही. शेवटी समुद्राकाठी झाडावर बसलेला असताना समुद्रातून त्याला उत्तर ऐकू येतं. असा माणूस र्‍योइकीत बहुतेक शिक्षाच भोगताना दिसला असता.

आणि कोनजाकु आधी घ्यायचं ते चांगलं कारण म्हणजे शेवटचे दहाएक खंड, ज्यात धर्म जवळजवळ मागेच पडतो. राशोमोन वेशीच्या वरच्या मजल्यावर म्हातारी प्रेताचे केस उपटतेय आणि चोर तिचे कपडे, प्रेताचे कपडे, उपटलेले केस सगळं घेऊन पळतो, ही 29व्या खंडातली गोष्ट. आधुनिक जपानी कथाकार अकुतागावाने 1915 मध्ये तिच्यावरून कथा लिहिली. कुणाला फळ वगैरे काही मिळत नाही. ज्यांना मुळात आधुनिक जपानी कथेत रस आहे त्यांनी इथूनच सुरू करावं.

काही गोष्टी र्‍योइकी आणि कोनजाकु दोन्हीकडे आहेत, उदाहरणार्थ किचिजोतेनच्या (आपल्या लक्ष्मीच्या) मातीच्या मूर्तीवर प्रेमात पडलेला इझुमीतल्या डोंगरावरचा उपासक, ज्याच्या स्वप्नात देवी स्वतः येते आणि सकाळी खूण मूर्तीच्या वस्त्रावर दिसते. क्योकाई त्याला शिव्याही देत नाही. श्रद्धा खोल असेल तर उत्तर मिळतं म्हणतो, आणि लगेच कामी माणसाला चित्रातल्या बाईचाही मोह होतो असं सूत्रवचन जोडतो. दोन्ही वाक्यं शेजारी शेजारी ठेवून देतो, आणि म्हणूनच माझा कौल त्याला.

इंग्रजीतून वाचणार असाल तर र्‍योइकीचा बर्टन वॉटसनचा 2013 चा अनुवाद सुटसुटीत आहे, टिपा आणि मोठी प्रस्तावना हवी असेल तर क्योको नाकामुरांचा 1973 चा. कोनजाकुसाठी मारियन उरींचा 62 गोष्टींचा निवडक अनुवाद पुरेसा, त्यात तिन्ही देशांच्या गोष्टी आहेत. र्‍योइकी सलग वाचू नका, शिक्षा आणि बक्षिसं लागोपाठ आली की कंटाळा येतो, रोज तीनचार गोष्टी पुरे, आणि तिसऱ्या भागातली 38वी आधीच वाचून टाका म्हणजे बाकीच्या कोण सांगतोय ते माहीत असतं.