मूल्यांकन अहवालाचं पान 11

मागच्या वर्षी ऑक्टोबर छाटणी चालू होती तेव्हाची गोष्ट. नाशिक जिल्ह्यातल्या दिंडोरी-निफाड पट्ट्यातल्या द्राक्षबागायतदारांसाठी आम्ही तिघांनी एक ॲप बनवलंय. कोणत्या प्लॉटला कोणतं औषध कधी मारलं आणि त्यानंतर किती दिवसांनी माल तोडता येईल, याची नोंद त्यात राहते. निर्यातीचा माल रेसिड्यूमध्ये, म्हणजे फळात उरलेल्या औषधाच्या अंशामुळे, अडकला की वर्षभराची मेहनत जाते, हे मी घरी पाहिलंय. 340 शेतकरी ॲप वापरत होते. पुढचं काम करायला 40 लाख हवे होते.

संस्थापकांची गाठ गुंतवणूकदारांशी आणि धंदा विकत घेणाऱ्यांशी घालून देणाऱ्या एका वेबसाइटवर मी नाव नोंदवलं. 14,999 रुपये, वर 18 टक्के जीएसटी. पक्की पावती आली आणि माझा विश्वास बसला. आठवड्याभरात तीन जणांनी रस दाखवला. त्यातले एक गृहस्थ दुबईहून बोलत होते. व्हिडिओ कॉलवर तासभर बोलले, बागेबद्दल आपुलकीने विचारलं. शेतकरी पैसे किती देतात, टिकतात किती, हे मात्र एकदाही विचारलं नाही. 40 लाख घालणारा माणूस हे विचारल्याशिवाय राहत नाही. मला तेव्हा ते सुचलं नाही.

मग वेबसाइटच्या 'रिलेशनशिप मॅनेजर'चा फोन. "सर, कमिटी तयार आहे. फक्त व्हॅल्युएशन रिपोर्ट आमच्या पॅनेलवरच्या माणसाचाच लागेल. 48,000. डील झाली की ॲडजस्ट करू."

माझा आतेभाऊ सीए आहे, नाशिकमध्ये कॅनडा कॉर्नरला बसतो. मी म्हटलं, अहवाल त्याच्याकडून घेतो. "नको सर, बाहेरचा चालत नाही." सगळी फसवणूक या एका वाक्यात होती. खरा गुंतवणूकदार कंपनी तपासायला स्वतःचा माणूस लावतो, किंवा कुठल्याही नोंदणीकृत मूल्यांककाचा अहवाल मागतो. अमुकच माणसाला तुम्हीच पैसे द्या, असा हट्ट कुणी धरला तर त्या पैशातला वाटा कुणाकडे जातो ते ओळखा.

दोन दिवसांत 34 पानी अहवाल आला. कंपनीची किंमत 6 कोटी! बाबांनी तो देवापुढे ठेवला. हे आठवलं की आजही घशाशी येतं.

पुढची मागणी 1,10,000 ची, 'रिझर्व्ह बँक क्लिअरन्स'साठी. बायकोने तिची एफडी मोडली. नंतर आमच्या बँकेत विचारलं तेव्हा कळलं, परदेशातून भांडवल आलं तर शेअर दिल्यापासून 30 दिवसांत कंपनीने स्वतःच्या बँकेमार्फत रिझर्व्ह बँकेकडे माहिती भरायची असते. पैसे यायच्या आधी कुणा माणसाच्या खात्यावर भरायची अशी फी नसतेच.

तिसरी मागणी आली 2,25,000 ची, 'एस्क्रो'च्या, म्हणजे व्यवहार पुरा होईपर्यंत पैसे तिसऱ्याच्या खात्यात ठेवण्याच्या नावाने. तेव्हा कुठे मी अहवाल घेऊन आतेभावाकडे गेलो. त्याने शेवटचं पान उघडलं आणि विचारलं, "यूडीआयएन कुठंय रे?" सीएने सही केलेल्या अशा कागदावर 18 अक्षरांचा हा क्रमांक लागतो, आणि तो आयसीएआयच्या, म्हणजे सीएंच्या संस्थेच्या साइटवर कुणालाही तपासता येतो. इथे क्रमांकच नव्हता. मूल्यांककाचं नाव आयबीबीआयच्या, म्हणजे मूल्यांककांची नोंदणी करणाऱ्या सरकारी मंडळाच्या यादीत शोधलं, तिथेही नाही. पाच मिनिटांचं काम होतं. भावाकडे आधी जायची मला लाज वाटली होती, डील झाल्यावरच सांगू म्हणून.

एकूण 1,75,699 रुपये गेले. मी 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन केला, पण शेवटचे पैसे भरून नऊ दिवस झाले होते आणि ते पुढच्या खात्यांवर गेले होते. पैसे गेल्यावर पहिल्या काही तासांत फोन केला तर ते मध्येच गोठवले जाण्याची शक्यता असते. यूटीआर नंबर (बँकेतल्या प्रत्येक व्यवहाराचा क्रमांक), खात्याचा उतारा, व्हॉट्सॲपवरचं बोलणं, सगळं जोडून सायबर पोलिसांत तक्रार दिली आहे. वेबसाइटवाले म्हणतात, आम्ही फक्त ओळख करून देतो. कंपन्यांसाठी पैसा उभा करून देणाऱ्या अशा अनधिकृत ऑनलाइन मंचांबद्दल सेबीने 2016 सालीच सावध केलं होतं. मी ते पैसे गेल्यावर वाचलं.

हे सगळं लिहिण्याचं आणखी एक कारण आहे. अहवालाच्या पान 11 वर 'कंपनीच्या पशुखाद्य विक्रीत वाढ अपेक्षित' असं वाक्य आहे. आम्ही पशुखाद्य विकत नाही. म्हणजे हाच अहवाल आधी दुसऱ्या कुणाला विकलाय, आणि माझ्यासाठी नावं बदलताना ते वाक्य तसंच राहिलं. तुमचा पशुखाद्याचा धंदा असेल आणि असा 34 पानी अहवाल तुमच्याकडे असेल, तर तो घेऊन तुमच्या गावच्या सायबर पोलिसांकडे जा. दोन्ही अहवाल शेजारी शेजारी ठेवले गेले पाहिजेत.