फ्लेमिंगो बघायचे: ऐरोलीची बोट की नेरूळचा काठ?

नवी मुंबईत ऐरोलीच्या सागरी जैवविविधता केंद्रातून ठाणे खाडीत बोट जाते, सोबत माहिती सांगणारा गाइड असतो. तिथल्याच नेरूळच्या डीपीएस (दिल्ली पब्लिक स्कूल) शाळेजवळच्या तलावाकाठी मात्र आपलं आपण उभं राहायचं, फुकट.

सगळा खेळ भरती-ओहोटीचा. ओहोटीला खाडीतला चिखल उघडा पडतो आणि पक्षी तिथे शेवाळ, बारीक जीव गाळून खातात. भरती चढली की थवे नेरूळ-सीवूड्सच्या पाणथळींकडे सरकतात. म्हणून तलावावर भरतीच्या वेळीच जावं. बोटीची वेळही पाण्यावरच ठरते. रविवारी जेवून निवांत निघू म्हणाल तर जमेलच असं नाही.

घरी पाहुणे किंवा लहान मुलं असतील तर मी बोटीचे पैसे खुशाल देईन. दोन्ही बाजूंना तिवरं आणि २०२२ मध्ये रामसर दर्जा (आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा) मिळालेली ही खाडी पाण्यातूनच नीट कळते. फ्लेमिंगोच्या दोन जातींपैकी पूर्ण गडद चोचीचा तो छोटा, गुलाबी चोचीला काळं टोक असलेला तो मोठा, हे गाइडने दाखवलं की पोरं पुढचे थवे स्वतःच ओळखायला लागतात.

फोटोच काढायचे असतील तर तलाव बरा; बोट हलते. फेब्रुवारी ते एप्रिल गाठा, पावसाळ्यात दोन्ही बाद.