‘एक पैसा लागणार नाही’ म्हणणाऱ्या एजंटपासून सावध

परदेशात घरकामाला पाठवायचे लाखभर रुपये मागणारा एजंट आता सगळ्यांना ओळखू येतो. काहीच न मागणारा ओळखू येत नाही. आमच्या मावशीला ओमानला नेलं ते या दुसऱ्या प्रकारच्या एजंटने.

तिकीट त्याचं, व्हिसा त्याचा, मेडिकलचा खर्चही त्याचाच. शिवाय निघण्याआधी घरात ठेवायला वीस हजार रोख. मस्कतमध्ये एक ओमानी जोडपं, दोन मुलं, स्वयंपाक करायचा आणि मुलांकडे बघायचं, पगार महिना १३० रियाल. तेव्हा, म्हणजे २०२२ साली, एक ओमानी रियाल दोनशे रुपयांच्या थोडा वर होता, म्हणजे सत्तावीस हजारांच्या घरात रक्कम. अंबरनाथला पाच घरच्या पोळ्या लाटून मावशीला याच्या निम्मे सुटत नव्हते. काका गेल्यापासून घर तिच्या एकटीच्या जिवावर चाललेलं. एजंटशी गाठ घालून देणारी मधली बाई आमच्याच वस्तीतली, स्वतः कुवेतला काम करून आलेली, भिशीत सगळ्यांच्या ओळखीची. अशा बाईकडे कागद कोण मागतं?

कागदाची गोष्ट मात्र नीट समजून घ्या, कारण सगळी फसवणूक तिथेच होते. मावशी सातवी शिकलेली. दहावी पास नसलेल्यांच्या पासपोर्टवर सहसा ‘ईसीआर’ असा शेरा असतो. अशा माणसाला ओमान, सौदी, कुवेत, कतार आणि दुबई ज्यात येते ती संयुक्त अरब अमिरात धरून १८ देशांत नोकरीसाठी जायचं तर ‘प्रोटेक्टर ऑफ एमिग्रंट्स’ या सरकारी अधिकाऱ्याची परवानगी लागते. बाई असेल तर वय ३० पूर्ण हवं. त्यात २०१६ पासून ईसीआरवाल्या बायकांची भरती सरकारी संस्थांमार्फत करायची असं ठरलं. केरळची ‘नॉर्का रूट्स’ त्यातलीच. हेतू चांगला आहे, नाही कोण म्हणतं? पण दार इतकं अरुंद केलं की अंबरनाथच्या बाईला त्या दारापर्यंत जायची वाटच कुणी दाखवली नाही, आणि एजंट मागच्या दाराने धंदा करू लागले. ते मागचं दार असं, की परवानगी नोकरीसाठी लागते, फिरायला जाणाऱ्याला लागत नाही.

म्हणून मावशीच्या हातात आला तो दुबईचा टुरिस्ट व्हिसा. ओमानचं नाव त्यात कुठेच नाही. ‘आधी दुबई, तिथून पुढे,’ असं एजंट म्हणाला. विमानतळावर कोणी विचारलं तर सांगायचं, बहिणीकडे चाललेय, पंधरा दिवसांत परत येणार. तिला हे तोंडपाठ करून घेतलं होतं. तिची एकुलती एक बहीण म्हणजे माझी आई, आणि ती ठाकुर्लीच्या पलीकडे फारशी गेलेली नाही. परतीचं तिकीटही दिलं होतं. ते नंतर रद्द झालं, हे सांगायला नकोच.

तर सरकारच्या दप्तरी त्या दिवशी मुंबईहून एक पर्यटक गेली. कामगार कुणी गेलीच नाही.

दुबईत एका फ्लॅटमध्ये बऱ्याच बायकांबरोबर ठेवलं, मग गाडीने अल ऐन, तिथून सीमा ओलांडून ओमानमधलं बुरैमी. तिथल्या एजन्सीच्या ऑफिसला सगळ्या ‘मकतब’ म्हणतात. मकतबमध्ये बायका बाकड्यावर बसून राहतात, कुटुंबं येतात, वय विचारतात, स्वयंपाक येतो का विचारतात, एखादीला उभं राहून चालून दाखवायला सांगतात. बुरैमीत घरकामाच्या बायकांचा असा बाजार चालतो, हे मानवी हक्कांचं काम करणाऱ्यांनी २०१६ सालीच अहवालात लिहून ठेवलं होतं. पासपोर्ट आणि मोबाइल मकतबने काढून घेतले. अरबीत छापलेल्या कागदावर सही घेतली. पगार झाला ८० रियाल. घर मस्कतमध्ये नव्हतं. माणसंही चार नव्हती. सासू, दीर, जाऊ धरून भरलं घर, आणि शुक्रवारी मालकिणीच्या माहेरची झाडलोट वेगळी. झोपायला रात्रीचा एक व्हायचा आणि पहाटेच्या नमाजाला उठलेल्या सासूबाईंना चहा लागायचा.

मालकीण शाळेत शिक्षिका होती. हे मुद्दाम सांगते, कारण आपल्याकडे लोकांना वाटतं तिथल्या सगळ्या बायका घरात कोंडलेल्या असतात. ही स्वतः गाडी चालवत शाळेत जायची. ओमानमध्ये सगळ्या सज्ञान बायकांना २००३ पासून मजलिस अल-शूराच्या, म्हणजे तिथल्या निवडून येणाऱ्या सभागृहाच्या, निवडणुकीत मत आहे. पण लग्नाला वालीची, म्हणजे बापाभावाची, संमती लागते, आणि परदेशी माणसाशी लग्न केलं तर मुलांना आईचं नागरिकत्व सहसा मिळत नाही. मावशी म्हणते, “बाई वाईट नव्हती गं.” मी मावशीइतकी उदार नाही. त्या बाईची नोकरी माझ्या मावशीच्या पहाटेपासून मध्यरात्रीपर्यंतच्या राबण्यावर उभी होती, आणि मकतबने काढून घेतलेला पासपोर्ट आता तिच्याच कपाटात होता. सुट्टी मागितली की एकच उत्तर: आम्ही तुझे पैसे मकतबला मोजलेत.

तिथल्या कायद्याने फार काही केलं नसतं. ओमानचा २००३ चा कामगार कायदा घरकामगारांना लागूच नव्हता आणि २०२३ मध्ये नवा कायदा आला त्यातूनही त्यांना बाहेर ठेवलं. पासपोर्ट ठेवून घेऊ नये असं सरकारी परिपत्रक २००६ चं आहे, पण ठेवणाऱ्याला शिक्षा काय ते त्यात नाही. व्हिसा मालकाच्या नावाशी बांधलेला, त्यालाच कफाला म्हणतात. घर सोडून बाहेर पडलं की मालक ‘पळून गेली’ अशी तक्रार देतो आणि गुन्हेगार तीच ठरते. मकतबमध्ये भेटलेल्या एका मुलीवर आधीच्या घरात मालकाच्या भावाने हात टाकला होता. ती पोलिसांत गेली नाही. लग्नाबाहेरचा संबंध हाच तिथे गुन्हा आहे. जबरदस्ती सिद्ध झाली नाही तर आपणच आत जाऊ, ही तिची भीती खोटी नव्हती.

आता ‘फुकट’चा हिशोब. मावशीने शेजारच्या घरातल्या बाईच्या फोनवरून परत यायचंय म्हणून कळवलं, तेव्हा आम्ही एजंटला गाठलं. तो शांतपणे म्हणाला, “अडीच लाख खर्च झालाय ताई तिच्यावर. भरा, उद्या पाठवतो.” तिकीट, व्हिसा, मेडिकल आणि ते वीस हजारसुद्धा त्यात धरलेले. पावती एकाचीही नाही. मालकाकडून मकतबने घेतले, मकतबकडून एजंटने घेतले, आणि तीच रक्कम सुटकेसाठी आमच्याकडून पुन्हा. पैसे भरून गेलेली बाई निदान म्हणू शकते की मी माझे पैसे दिले. फुकट गेलेल्या बाईच्या डोक्यावर किती कर्ज आहे, हे ज्याच्या त्याच्या मर्जीवर असतं.

परराष्ट्र खात्याच्या ‘मदद’ पोर्टलवर तक्रार टाकली, मस्कतच्या भारतीय दूतावासाला मेल केले. त्यांनी पहिल्यांदा विचारलं ते ई-मायग्रेटवरचं, म्हणजे परदेशी कामाला जाणाऱ्यांची नोंद ठेवणाऱ्या सरकारी साइटवरचं, रजिस्ट्रेशन. ते नव्हतं, करार नव्हता, विमा नव्हता. रीतसर परवानगी घेऊन गेली असती तर प्रवासी भारतीय बीमा योजनेत नाव असतं: दोन वर्षांचा हप्ता २७५ रुपये, संरक्षण १० लाखांचं. तरी दूतावासाने मालकाला फोन केले, मालकाने मकतबकडे बोट दाखवलं, आणि घासाघीस होऊन, सोनं मोडून काही रक्कम भरल्यावर ती परत आली. शेवटच्या महिन्यांचा पगार बुडाला तो बुडालाच.

पोलीस ठाण्यात पहिला प्रश्न होता, “स्वतःच्या मर्जीने गेल्या ना?” असं विचारलं तर गप्प बसू नका. परवाना नसताना परदेशी नोकरीसाठी माणसं भरती करणं हा १९८३ च्या एमिग्रेशन कायद्याने गुन्हा आहे. कलम १० आणि २४ असं अर्जात नावानिशी लिहा, सोबत फसवणुकीचं कलम. मधल्या बाईचं म्हणणं, मलाही फसवलं. माणशी किती मिळाले ते मात्र ती सांगत नाही. भिशीत अजून येते.

कुणी जाणारं असेल तर ई-मायग्रेटच्या साइटवर एजंटचा परवाना नंबर टाकून बघा, तो चालू आहे की रद्द ते तिथेच दिसतं. परवानाधारक एजंटला कामगाराकडून जास्तीत जास्त ३०,००० रुपये आणि वर जीएसटी घेता येतो, तोही पावती देऊन. व्हिसावर ‘टुरिस्ट’ किंवा ‘व्हिजिट’ असेल, किंवा नोकरी एका देशात आणि व्हिसा दुसऱ्याच देशाचा असेल, तर विमानतळावर जाऊच नका. पासपोर्टचे फोटो, मालकाचं नाव आणि तिथला पत्ता घरच्यांकडे असू द्या. आमच्याकडे पत्ता नव्हता, आणि दूतावासाला घर शोधण्यातच सगळ्यात जास्त वेळ गेला.