रुखशाना मीडिया: अफगाण बायकांच्या बातम्या देणारी साईट, माझा रिव्ह्यू

अफगाणिस्तान आपल्या पेपरात दोनच वेळा येतं, भूकंप झाला की नाहीतर रशीद खाननं विकेटा काढल्या की. मधल्या काळात तिथं काय चाललंय, त्यातही बायका-पोरींचं, ते कुठं वाचावं असं बऱ्याच जणांनी विचारलं म्हणून जरा सविस्तर लिहायले. रुखशाना मीडिया वाचा. बातम्यांची वेबसाईट आहे, दरीत (म्हणजे अफगाणिस्तानातली फारसी) आणि इंग्रजीत, वाचायला पैसे लागत नाहीत. मी परभणी जिल्ह्यात तालुका बातमीदार म्हणून काम करते, त्यामुळं माझी नजर बातमी काय आहे याच्यापेक्षा ती आणली कशी आणि लिहिली कशी इकडं जास्त जाते, हा रिव्ह्यू पण त्याच नजरेनं आहे.

ही साईट जाहरा जोया नावाच्या पत्रकार बाईनं २०२० च्या शेवटाला काबूलमध्ये सुरू केली, स्वतःची बचत घालून. बाई बामियान प्रांताकडची, हजारा या तिथल्या अल्पसंख्याक समाजातली. तालिबानच्या पहिल्या राजवटीत मुलींना शाळा बंद होती तेव्हा ही मुलाचे कपडे घालून, मोहम्मद नाव लावून, लांब पायी चालत शाळेत जायची. साईटला नाव दिलंय ते घोर प्रांतातल्या रुखशाना नावाच्या १९ वर्षांच्या पोरीचं, जबरदस्तीच्या लग्नातून पळून गेली म्हणून २०१५ ला तिला दगडानं ठेचून मारलं होतं. ऑगस्ट २०२१ मध्ये काबूल परत तालिबानच्या हातात पडलं, जोयाला देश सोडून लंडनला जावं लागलं, आणि तिथं हॉटेलच्या खोलीत राहून तिनं काम चालू ठेवलं. २०२२ ला टाइम मासिकानं वुमन ऑफ द इयरमध्ये तिचं नाव घेतलं. पण मला पुरस्कारापेक्षा त्या हॉटेलच्या खोलीतून बातम्या एडिट करणं जास्त मोठं वाटतं.

आता बातम्या कशा असतात ते. "महिलांवरील अन्यायात वाढ" असलं मोघम काम इथं नाही. सहावीच्या पुढं मुलींना शाळा नाही तर घरात चोरून चालणारे वर्ग कसे चालतात, २०२३ च्या जुलैत ब्युटी पार्लरं बंद केली तर पार्लरवर घर चालवणाऱ्या बाईनं पुढं काय केलं, सोबत घरातला पुरुष नसला तर दवाखान्यात काय होतं, असं एकेका बाईच्या दिवसाला धरून लिहिलेलं असतं. ७२ किलोमीटरच्या पुढं बाईनं एकटीनं प्रवास करायचा नाही असा तिथं डिसेंबर २०२१ ला आदेश निघाला. म्हणजे साधारण परभणीहून नांदेडला जाण्याएवढं अंतर धरा, जिथं आपल्या पोरी रोज क्लासला एसटीनं, पॅसेंजरनं ये-जा करतात.

एक बातमी मी माझ्या मैत्रिणीला वाचून दाखवली, ती आरोग्य उपकेंद्रात एएनएम आहे, म्हणजे बाळंतपणं बघणारी नर्स. डिसेंबर २०२४ मध्ये तालिबाननं नर्सिंग आणि सुईणीचं शिक्षण पण बायकांना बंद केलं त्याच्याबद्दलची. ती ऐकता ऐकता थांबली आणि म्हणाली, अगं मग बाळंतपणं करणार कोण, पुरुष डॉक्टरला तर तिथं हात लावू देत नाहीत. पुढं रात्री दोन वाजता येणाऱ्या केसेस, गाडी मिळत नाही ते, रक्त कमी असलेल्या पोरी, सगळं ती आपल्याच तालुक्याचं सांगायली आणि मध्येमध्ये म्हणायली की इथं मी आहे तरी, तिथं मी पण नसणार. (रशीद खाननं याच बंदीविरुद्ध उघड लिहिलं होतं, ते मात्र आपल्याकडं क्रीडा पानावर कोपऱ्यात आलं.)

बऱ्याच बातम्यांत बाईचं नाव बदललेलं असतं, लिहिणारीचं पण खरं नाव नसतं. फोटोत पाठमोरी, हात, पडदा, एवढंच. इथं मला स्वतःचं सांगावंसं वाटतं. मागं मी एका बालविवाहाची बातमी केली होती, ऊसतोडीला जाणाऱ्या घरातली पोरगी, तिचं नाव-गाव देणं शक्यच नव्हतं. डेस्कवरून निरोप आला, नाव नाही फोटो नाही मग बातमीत राहिलं काय. पुष्कळ वाईट वाटलं होतं. रुखशानाच्या बातम्या वाचल्यावर कळतं की राहतं, लई राहतं. वय, प्रांत, घरात माणसं किती, शिलाईचे किती पैसे मिळाले, दार वाजलं तेव्हा वही कुठं सरकवली. नाव काढलं तरी बाई जागची हलत नाही, डोळ्यासमोर उभी असते. ज्यांना ग्रामीण बातमीदारी करायची त्यांनी केवळ ही एक गोष्ट शिकायला म्हणून वाचावं.

आमच्या इथल्या अभ्यासिकेत पोलीस भरतीच्या, तलाठीच्या तयारीच्या पोरी बसतात, त्यांना मी काही बातम्यांच्या झेरॉक्स दिल्या. एकीनं लगेच विचारलं, ताई मग ह्या बातम्या बाहेर येतात कशा? बरोबर मुद्द्यावर आली. आत राहून माहिती गोळा करणाऱ्या पोरी मोबाईलवरून पाठवतात, बाहेर बसलेली माणसं तपासून छापतात. नाक्यावर मोबाईल तपासला आणि त्यात काही सापडलं तर काय होतं ते सांगायला नको, सप्टेंबर २०२१ मध्येच काबूलच्या एतिलात-ए-रोज पेपरच्या दोन पत्रकारांना बायकांच्या मोर्चाचं वार्तांकन केलं म्हणून तालिबाननं बेदम मारहाण केली होती, त्यांच्या पाठीवरच्या वळांचे फोटो जगभर गेले. आणि २९ सप्टेंबर २०२५ ला तर अख्ख्या देशाचं इंटरनेटच दोन दिवस बंद केलं. २०२३ ला आंदोलनाच्या वेळी बीड-जालन्यात नेट बंद होतं तेव्हा आमचे तिकडचे बातमीदार मित्र बातमी पाठवायला जिल्ह्याच्या हद्दीबाहेर गाडीवर जायचे. अफगाणिस्तानात जायचं कुठं?

काबूल पडल्यावर चार महिन्यांत तिथल्या ५४३ माध्यमांपैकी २३१ बंद पडली, ६४०० च्या वर पत्रकारांची नोकरी गेली, आणि महिला पत्रकारांतल्या पाचातल्या चार जणी घरी बसल्या, हे रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स या पत्रकारांसाठी काम करणाऱ्या जागतिक संस्थेचे आकडे आहेत. त्यांच्याच पत्रकारितेच्या स्वातंत्र्याच्या यादीत २०२१ ला अफगाणिस्तान १२२ वर होतं आणि आपण १४२ वर. हो, आपल्या पुढं होते ते. २०२५ ला १८० देशांत १७५ वर गेले. आधी सगळं छान होतं असं पण नाही, २००८ ला परवेझ कांबख्श नावाच्या विद्यार्थी पत्रकाराला इंटरनेटवरचा महिला हक्कांवरचा लेख उतरवून घेतला म्हणून फाशीची शिक्षा सुनावली होती, तालिबान नसताना. पुढं अपिलात ती वीस वर्षांच्या कैदेवर आली आणि राष्ट्राध्यक्ष करझाईंनी माफी दिली म्हणून सुटला. म्हणजे तिथल्या पत्रकारांनी जे कमावलं होतं ते असं भांडून भांडून कमावलेलं होतं.

कुणी म्हणेल मराठवाड्यात बसून आपल्याला काय त्याचं. आपल्याला तर जास्तच कळायला पाहिजे. निजामाच्या राज्यात शोएबुल्ला खान 'इमरोज' नावाचं उर्दू दैनिक चालवत होते, हैदराबाद संस्थान भारतात यावं असं उघड लिहीत होते. ऑगस्ट १९४८ मध्ये रझाकारांनी रस्त्यात गाठून त्यांना गोळ्या घातल्या आणि हात तोडला, लिहिणारा हात. त्या रझाकारांचा म्होरक्या कासीम रझवी हा आपल्या लातूरला वकिली करायचा. त्यानंतर महिन्याभरात, १७ सप्टेंबरला, आपण मोकळे झालो. दरवर्षी त्या दिवशी झेंडा होतो, भाषणं होतात, शोएबुल्लांचं नाव किती भाषणांत येतं ते तुम्हीच आठवून बघा.

आता कमी काय आहे ते पण सांगते. इंग्रजीतला मजकूर फारसीच्या मानानं कमी असतो. नावं नसल्यामुळं वाचणाऱ्याला स्वतः पडताळून बघायला जागा नाही, साईटवर विश्वास ठेवावा लागतो. मी ठेवते, कारण तपशील बारीक असतात आणि भडकपणा नसतो, पण एकाच ठिकाणचं वाचून मत करू नये, म्हणून जोडीला झन टाइम्स बघत जा, ती पण अफगाण बायकांचीच, जाहरा नादेर नावाच्या पत्रकारानं २०२२ ला कॅनडातून सुरू केलेली. आणि एका बैठकीत जास्त वाचू नका, जड जातं. मी दोनच वाचते आणि बंद करते.

इंग्रजी कच्चं असेल तर मोबाईलमध्ये पान मराठीत करून वाचता येतं, भाषांतर ओबडधोबड होतं पण मतलब कळतो. संभाजीनगर, नांदेड, परभणीत ज्यांचं उर्दू चांगलं आहे त्यांनी फारसी पान उघडून बघा, लिपी ओळखीची आहे, मथळे थोडेफार लागतात. माझ्याकडून पाचपैकी साडेचार, अर्धा कमी इंग्रजीतला मजकूर वाढवावा म्हणून. दर रविवारी सकाळी अभ्यासिकेत मी एक बातमी मराठीत सांगते आणि मग त्याच्यावर पोरी बोलतात, जवळपासच्या कुणाला आपल्या मुलींना पाठवायचं असेल तर पाठवा, आणि पत्रकारितेला प्रवेश घेतलेल्यांनी तर स्वतःची एक बातमी लिहूनच आणा, नाव न देता, आपण बसून बघू.