नवरदेवाच्या कोल्हापुरीनं आम्हाला समुद्रकिनारी रडवलं, ऑनलाइन घेत असाल तर वाचा

आम्ही पक्के नागपूरकर, पाणी म्हटलं की फुटाळा आणि अंबाझरी, यापलीकडे आमची मजल नाही. त्यात लहान भावाचं लग्न जमलं मालवणच्या मुलीशी आणि तिच्याकडच्यांनी सांगितलं की मांडव तारकर्लीच्या किनाऱ्यावर. सगळ्यांना कपड्यांची घाई, आणि नवरदेवाच्या पायात काय हा विषय माझ्या गळ्यात, कारण मी मोठी बहीण. रेतीत बूट शोभत नाहीत आणि मोजडीत रेती भरते, एवढं मला कळत होतं. बाकी सगळा अंधार.

दिवाळीच्या आसपास मोबाईलवर एक रील आली. म्हातारे कारागीर हातानं चामड्याची वादी ओवताहेत, मागे हलगी वाजतेय, आणि खाली लिहिलेलं 'बीच वेडिंग स्पेशल, जीआय टॅगवाली ओरिजिनल कोल्हापुरी, शंभर टक्के शुद्ध लेदर, फुल वॉटरप्रूफ'. (जीआय टॅग म्हणजे ठरावीक भागातच बनलेल्या मालाला मिळणारं सरकारी मानांकन.) आता ती जाहिरात परत वाचा. शुद्ध चामड्याची कोल्हापुरी आणि फुल वॉटरप्रूफ! खरी कोल्हापुरी बाभळीची साल आणि हिरडा वापरून कमावलेल्या चामड्याची असते, ती पाणी पिते, खाऱ्या पाण्यात तर कडक होऊन वाट लागते तिची. म्हणजे जाहिरातीतल्या दोनपैकी एक गोष्ट खोटी असणारच होती, आणि आमच्या नशिबी दोन्ही खोट्या निघाल्या. पण हे शहाणपण आत्ताचं, तेव्हा मी 'वॉटरप्रूफ' वाचूनच खुश.

मेसेज केला तर पाच मिनिटांत 'हो ताई, बोला ताई'. भावाच्या पायाचं माप कागदावर आखून फोटो पाठवला, वर जरीचा गोंडा लावून देतो म्हणाले, किंमत 4,200. अर्धे आधी, अर्धे माल निघाल्यावर. पैसे पाठवताना यूपीआयवर दुकानाचं नावच आलं नाही, भलत्याच कुण्या माणसाचं आलं. विचारलं तर म्हणे आमच्या अकाउंटंटचं आहे. मीही मान्य केलं, काय बोलू स्वतःला.

पार्सल आलं निघायच्या दोन दिवस आधी, घरात बॅगांचा ढीग, उघडून पाहिलं, दिसायला झकास, ठेवून दिलं. पाठवणाऱ्याचा पत्ता परराज्यातल्या एका फ्लॅटचा होता, तिकडे माझं लक्षच गेलं नाही. खरं तर 2019 मध्ये कोल्हापुरीला जीआय मिळाला तो आठच जिल्ह्यांसाठी, आपल्याकडचे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकातले चार. त्याबाहेर बनवलेली चप्पल दिसायला कितीही हुबेहूब असो, टॅगवाली नाही.

लग्नाच्या दिवशी सकाळी फोटोवाल्यानं दोघांना ओल्या वाळूत उभं केलं. एक लाट आली, घोट्यापर्यंत. दहा मिनिटांत चपलेचा तळ पावासारखा फुगला, पाचव्या फोटोला डाव्या चपलेचा अंगठा सुटला आणि रंग उतरून पांढऱ्या धोतराचा काठ पार चहात बुडवल्यासारखा. नवरीचे मामा तिथंच उभे होते, शांतपणे म्हणाले, "खाऱ्या पाण्यात चामड्याचां काय काम?" त्यांना काय सांगणार की मामा, यात चामडं नाहीच आहे.

ते मलाही कळलं नागपूरला परतल्यावरच. बर्डीवरच्या एका मोच्याकडे नेली, त्यानं रापीनं तळ उकलला तर आत चक्क पुठ्ठा. वरून रेग्झीन, मध्ये पुठ्ठा, आणि वादीची शिलाई नुसती दाखवायला, बाकी सगळं सोल्युशननं चिकटवलेलं. "ताई, हे रेग्झीन होय, मागून पाहा ना, कापडाची वीण दिसून राह्यली." खऱ्या चामड्याची मागची बाजू केसाळ, खरबरीत असते, हे त्यानंच दाखवलं. पाच सेकंदांचं काम होतं, मी पार्सल उघडलं तेव्हाच करायचं.

पेजवाल्याला फोटो पाठवले तर आधी 'अनबॉक्सिंगचा व्हिडिओ दाखवा', मग ब्लॉक. मग मी दुसरा मूर्खपणा केला, गूगलवर कस्टमर केअरचा नंबर शोधला. जो उचलला तो फारच गोड, 'मॅडम, हा क्यूआर स्कॅन करा, पिन टाका, रिफंड लगेच जमा'. पोरगं बाजूला बसलं होतं, त्यानं फोन हातातून ओढला, "आई, पैसे यायला पिन लागत नाही गं!" नाहीतर 4,200 च्या मागे अजून किती गेले असते देव जाणे. मग 1930 वर फोन करून सायबरची तक्रार नोंदवली, ग्राहक हेल्पलाइन 1915 वरही नोंदवली. पैसे अजून आलेले नाहीत, पण असं काही झालं तर 1930 ला लगेच लावा, माझ्यासारखे आठ-दहा दिवस 'भाऊ, प्लीज रिप्लाय करा' लिहीत बसू नका. आणि ऑनलाइन विकणाऱ्यानं नाव, पत्ता, तक्रार अधिकारी हे सगळं दाखवायचं असतं, 2020 पासून तसा नियमच आहे. ज्याच्याकडे नुसता व्हॉट्सॲप नंबर आहे त्याला ॲडव्हान्स देऊ नका.

लग्नाच्या दिवशी, चप्पल फुगल्यावर, मग भाचा गाडी घेऊन मालवणच्या बाजारात पळाला आणि मागून पट्टा असलेली साधी रबरी सँडल घेऊन आला, 250 ची. गोरजवर भाऊ त्याच घालून मांडवापर्यंत गेला, एकदाही घसरला नाही, रेती आली तर पाण्यात पाय बुडवला की साफ. मेहुण्यांनी जोडे पळवले ते पण हेच, आणि त्या 250 च्या रबरासाठी आमच्याकडून 5,100 मोजून घेतले.