तळघरातली सेराफिना

अमेरिकेत, नॉर्थ कॅरोलिनातल्या शार्लटहून ॲशव्हिल गाडीनं दोन-सव्वादोन तास. तिथला बिल्टमोर वाडा आम्ही पूर्वी एकदा पाहिला, तेव्हा लेक सहा वर्षांची होती आणि सारखी ‘निघायचं का?’ विचारत होती. यंदा तिनंच आम्हाला ओढत नेलं. रॉबर्ट बीटींच्या ‘सेराफिना अँड द ब्लॅक क्लोक’ या मुलांच्या कादंबरीची करामत.

बीटी ॲशव्हिलचेच. पुस्तक २०१५ चं, गोष्ट १८९९ मधली. जॉर्ज व्हँडरबिल्ट या धनाढ्याच्या याच अडीचशे खोल्यांच्या वाड्यात वर पाहुण्यांची वर्दळ, आणि खाली तळघरात चोरून राहणारी बारा वर्षांची सेराफिना. बाप वाड्यातली यंत्रं सांभाळतो. ही बॉयलरमागे झोपते, बापाचा जुना शर्ट कमरेला सुतळीनं आवळून घालते आणि रात्री नुसत्या हातांनी उंदीर पकडते. पायाला बोटं चारच. एका रात्री काळ्या झग्यातला माणूस तिच्यादेखत एका मुलीला झग्यात गुंडाळून नाहीशी करतो, आणि तिथून पोरं एकामागून एक गायब व्हायला लागतात.

सासूबाई सांगलीहून आल्या होत्या. रोज रात्री लेक वाचायची, मी त्यांना मराठीत सांगायचे. चार बोटं आणि उंदीर ऐकताच त्या म्हणाल्या, “अगं, मग कळलंच की ही कोण ते!” ते त्यांनी बरोबर ओळखलं होतं, पण इथं सांगत नाही. झगेवाला कोण हेही मला अर्ध्यातच कळलं. रहस्यकथा म्हणून पुस्तक कच्चंच. शेवटाकडे धावाधाव आणि मारामारीही जरा ताणली आहे.

पण तळघर! कुठला जिना कुठं निघतो, कुठल्या कोपऱ्यात मावता येतं, हे त्या पोरीला तळहातासारखं ठाऊक, आणि वाचता वाचता आपल्यालाही होतं. परवा वाड्यात लेकीनं वरची झुंबरं, ग्रंथालय, सगळं भराभर उरकलं. खाली पोहण्याचा रिकामा हौद आणि बोलिंगची गल्ली आहे. तिथं मात्र ती भिंतीला पाठ लावून पाय न वाजवता चालत होती. एका गोऱ्या आजींनी थांबून विचारलं, “सेराफिना?” लेक लाजून माझ्यामागे.

आठ-नऊ वर्षांच्या आतल्या भित्र्या मुलांना झोपताना देऊ नका. आमच्याकडे दोन रात्री दिवा चालू होता, आणि हट्ट लेकीपेक्षा सासूबाईंचाच जास्त. पुढचे तीन भाग आहेत. दुसरा त्या विमानात नेणार होत्या, इंग्रजी येत नसताना. “चित्रं बघीन” म्हणाल्या. चित्रं मुखपृष्ठावर तेवढी.