जिंकायचे असेल तर परत फिरा : ‘अ डिस्टंट प्लेन’ या युद्धखेळाचे परीक्षण

परक्या देशात सैन्य पाठवण्यावरून वाद सुरू झाला की त्याचे लगेच दोन तट पडतात. नीतीचा विचार करणारे तेथे जाणे न्याय्य होते काय हे तपासतात, तर लष्करी अभ्यासक गेल्यावर काय साधणार होते याचा हिशेब मांडतात. दोघांचे वाद वेगवेगळ्या व्यासपीठांवर चालतात आणि एकाचे उत्तर दुसऱ्याला लागू पडत नाही, असे दोघेही गृहीत धरतात. व्होल्को रून्के आणि ब्रायन ट्रेन यांनी रचलेला, जीएमटी गेम्सने २०१३ मध्ये प्रकाशित केलेला ‘अ डिस्टंट प्लेन’ हा अफगाणिस्तानातील २००१ नंतरच्या युद्धावरचा पटावरचा खेळ आहे. या दोन प्रश्नांची ताटातूट त्याच्या गुण मोजण्याच्या पद्धतीतच अशक्य होऊन बसते, आणि मला हेच त्याचे सर्वांत मोठे यश वाटते. त्याचे अपयशही त्याच पद्धतीत दडलेले आहे. त्याकडे पुढे येतो.

खेळात चार पक्ष आहेत : परकीय सैन्याची आघाडी, काबूलचे सरकार, तालिबान आणि स्थानिक सरदार. आघाडी आणि सरकार एका बाजूचे मानले जातात, मात्र प्रत्येकाची जिंकण्याची अट निराळी आहे. तालिबानला जनतेतील सरकारविरोध वाढवायचा असतो आणि आपले तळ टिकवायचे असतात. सरदारांना प्रदेश कोणाच्याच ताब्यात न जाता अधांतरी राहिलेला हवा असतो आणि पैसा हवा असतो. सरकारला लोकवस्तीवर नियंत्रण मिळवायचे असते आणि त्यासोबत आपल्या आश्रितांचे जाळे विणायचे असते. आघाडीची अट सर्वांत विलक्षण आहे. सरकारला मिळालेला जनतेचा पाठिंबा आणि पटावरून परत नेलेल्या स्वतःच्या सोंगट्या यांची बेरीज म्हणजे तिचे गुण. पटावर जितके जास्त सैनिक, तितके तिचे गुण कमी. पण सैनिक नसतील तर पाठिंबा मिळवणेही कठीण.

या एका बेरजेत हस्तक्षेपाविषयीचे बरेच शहाणपण आले आहे. पारंपरिक युद्धखेळात भूभाग व्यापणे म्हणजे यश, त्यामुळे खेळाडूला सैन्य पुढे रेटण्याची सवय असते. येथे तीच सवय त्याला बुडवते. राष्ट्राध्यक्ष ओबामा यांनी १ डिसेंबर २००९ रोजी आणखी ३०,००० सैनिक पाठवण्याची घोषणा केली आणि त्याच भाषणात जुलै २०११ पासून माघार सुरू होईल असेही सांगितले. तेव्हा अनेकांना ही विसंगती वाटली. पटासमोर बसल्यावर तिच्यामागचा पेच कळतो : सैन्य वाढवल्याखेरीज पाठिंबा वाढत नाही आणि सैन्य परत आल्याखेरीज मोहीम सफल झाली असे म्हणता येत नाही. परक्या भूमीवर शस्त्र घेऊन उभे राहण्याचा अधिकार कधी ना कधी संपणार आहे आणि तो संपण्याआधी मागे काहीतरी उभे राहिले पाहिजे, ही नैतिक अट येथे गुणांच्या रूपात आली आहे. न्याय्य युद्धाच्या परंपरेत ‘यशाची वाजवी शक्यता’ ही अट फार पूर्वीपासून आहे, पण चर्चेत ती बहुधा शेवटी, उपचारापुरती येते. येथे ती पहिल्या पाळीपासून खेळाडूच्या मानगुटीवर बसलेली असते.

खेळाचा खरा कस आघाडी आणि सरकार यांच्या संबंधांत लागतो. आघाडीजवळ स्वतःचा वेगळा खजिना नाही. स्थानिक फौजेला हाताशी धरून करायच्या कामांसाठी तिला सरकारच्याच खजिन्यावर अवलंबून राहावे लागते. सरकारला परकीय मदत आपल्या आश्रितांकडे वळवता येते आणि त्याचे गुण मिळतात. म्हणजे एका मित्राच्या यशाची किंमत दुसऱ्या मित्राच्या खात्यातून वजा होते आणि दोघांनाही एकमेकांशिवाय चालत नाही. आघाडी चालवणारा नवा खेळाडू यावर चिडतो आणि सरकार चालवणाऱ्यावर विश्वासघाताचा आरोप करतो. पण सरकारच्या बाजूने थोडा वेळ खेळून पाहिले की चित्र बदलते : परके सैन्य आज ना उद्या जाणार हे त्याला ठाऊक असते, आणि ते गेल्यावर ज्या माणसांच्या आधाराने तग धरायचा त्यांना बांधून ठेवणे ही त्याची गरज असते. २०१० मध्ये उघडकीस आलेला काबूल बँकेचा घोटाळा, म्हणजे सत्तेजवळच्या मंडळींनी ठेवीदारांचा पैसा कर्जाच्या नावाखाली लाटल्याचे प्रकरण, केवळ काही व्यक्तींच्या लोभाची कथा म्हणून सांगितला जातो. त्यातील व्यक्तींना येथे मुळीच माफी नाही, परंतु मुदत जाहीर केलेला हस्तक्षेप स्थानिक सत्ताधाऱ्यांना लवकर हात धुऊन घेण्याचे कारण पुरवतो, ही रचनेतील खोट या खेळाइतकी स्पष्ट मी अन्यत्र क्वचितच पाहिली आहे. हस्तक्षेप करणाऱ्याने आपल्या हेतूंची शुद्धता कितीही तपासली, तरी ज्याच्यामार्फत तो राज्य उभारणार त्याचे हेतू तपासल्याशिवाय हिशेब पुरा होत नाही.

पटावर पाकिस्तानातील सीमाभागही दाखवलेला आहे. तालिबानला तेथे आसरा मिळतो. आघाडी आणि सरकार यांना तेथे मोहीम काढता येत नाही. इस्लामाबादची भूमिका एका वेगळ्या मोजपट्टीवर मागेपुढे सरकते आणि तिच्यावर कोणाचेच पुरते नियंत्रण नसते. हा भाग छान जमला आहे, पण तो अपेक्षितही आहे, म्हणून त्यावर अधिक लिहीत नाही.

पाळीची पद्धत मात्र थोडी समजावून सांगायला हवी. खेळ घटनांच्या पत्त्यांच्या (कार्डांच्या) गड्डीवर चालतो. प्रत्येक पत्त्यावर पक्षांचा क्रम दिलेला असतो, पुढचा पत्ताही सर्वांना दिसत असतो आणि एका पत्त्यावर दोनच पक्षांना हालचाल करता येते. ज्याने हालचाल केली त्याला पुढच्या पत्त्यावर थांबावे लागते. त्यामुळे आत्ता कृती करावी की पुढच्या संधीसाठी दबा धरून बसावे, हा विचार सतत करावा लागतो. बहुतेक पत्त्यांवरील घटनेचे दोन अर्थ छापलेले आहेत, एक सरकारच्या बाजूला झुकणारा आणि दुसरा बंडखोरांच्या. तीच घटना कोण उचलतो यावर तिचा परिणाम ठरतो. विशेष दलांची एखादी मोहीम कोणाला दिलासा वाटते आणि कोणाला अपमान, हे केवळ घटनेवरून ठरत नाही, ही गोष्ट दोन परिच्छेदांच्या एका पत्त्याने फार सहज सांगितली आहे.

आता उणिवांकडे वळतो. खेळ सुरू होतो तेव्हा परके सैन्य आधीच देशात आलेले असते, त्यामुळे ‘जावे काय’ हा प्रश्न कोणालाच विचारला जात नाही. सुरक्षा परिषदेने १२ सप्टेंबर २००१ च्या १३६८ क्रमांकाच्या ठरावात स्वसंरक्षणाचा अधिकार मान्य केला आणि डिसेंबरमधील १३८६ क्रमांकाच्या ठरावाने आंतरराष्ट्रीय सुरक्षा दलाला मंजुरी दिली. स्वसंरक्षणासाठी केलेला हल्ला आणि एखाद्या देशाची राज्यव्यवस्था नव्याने घडवण्याचे काम यांत नीतीच्या दृष्टीने केवढे अंतर आहे, आणि ते कोणत्या क्षणी ओलांडले गेले, हे पट दाखवत नाही. जर्मनीतील बॉन येथे डिसेंबर २००१ मध्ये नव्या व्यवस्थेचा करार झाला तेव्हा पराभूत तालिबानला बैठकीत स्थान नव्हते. माझ्या मते पुढच्या वीस वर्षांची बरीचशी दिशा तेथेच ठरली, पण खेळाच्या दृष्टीने तो इतिहासपूर्व काळ आहे.

याहून गंभीर उणीव जनतेविषयीची आहे. प्रत्येक प्रांताची लोकसंख्या हा एक अंक आहे आणि तिचे मत म्हणजे पाठिंबा किंवा विरोध दर्शवणारी एक खूण. तिला स्वतःची पाळी नाही. सैनिकाची सोंगटी आहे, गनिमाची आहे, पोलिसाची आहे. मेलेल्या शेतकऱ्याची नाही. ३ ऑक्टोबर २०१५ रोजी कुंदुझच्या रुग्णालयावर अमेरिकी विमानाने हल्ला केला आणि ४२ माणसे मारली गेली. खेळाच्या भाषेत अशा घटनेला जागा मिळालीच, तर ती जनमताची खूण सरकण्यापुरती. म्हणजे नागरिकांचा मृत्यू वाईट का, तर त्यामुळे पाठिंबा घटतो म्हणून. बंडखोरीविरोधी युद्धाच्या लष्करी विचारातही हाच सूर ऐकू येतो, म्हणून रचनाकारांनी वास्तव खोटे रंगवले असे म्हणता येणार नाही. पण नीती आणि डावपेच यांना इतक्या कुशलतेने एकत्र बांधणारा हा खेळ येथे नीतीला डावपेचांच्या दावणीला बांधतो, आणि खेळाडूला त्याची जाणीवही होत नाही.

खेळाडूंमधील वाटाघाटींना मुभा आहे आणि दिलेला शब्द पाळण्याचे बंधन नाही. या साध्या नियमाने काय घडू शकते ते पाहण्यासारखे आहे. शेवटच्या टप्प्यात आघाडीला सैन्य परत न्यायचे असते आणि तालिबानलाही ते गेलेलेच हवे असते. मग ते दोघे सरकारच्या देखत आपसांत तडजोड करतात आणि सरकार चालवणारा हताशपणे पाहत राहतो. २९ फेब्रुवारी २०२० रोजी दोहा येथे अमेरिका आणि तालिबान यांच्यात करार झाला. काबूलचे सरकार त्याचा पक्षकार नव्हते, तरी कैद्यांच्या सुटकेसारख्या त्यातील अटींचा भार त्याच्यावरच पडला. सात वर्षे आधी प्रसिद्ध झालेल्या खेळात ही शक्यता पक्षांच्या हितसंबंधांतून आपोआप निघते, याचे श्रेय रचनाकारांना द्यावेच लागेल.

वापरण्याच्या दृष्टीने हा खेळ सोपा नाही. नियम नीट वाचून घ्यावे लागतात, पहिला डाव पूर्ण होईलच याची खात्री नसते, आणि पटावरील खुणांची सवय होईपर्यंत प्रत्येक पाळीला कोष्टक पाहावे लागते. लाकडी सोंगट्या उत्तम आहेत. गनीम लपलेला आहे की उघड झाला आहे, हे सोंगटी उलटी करून दाखवण्याची युक्ती विशेष आवडली. एकट्याने खेळण्यासाठी उरलेल्या पक्षांचे निर्णय ठरवणारे तक्ते दिले आहेत. ते काम भागवतात, पण ज्या अविश्वासावर हा खेळ उभा आहे तो तक्त्यांतून येत नाही. चार माणसे जमत असतील तरच हा संच घ्यावा, असे माझे मत आहे. राज्यशास्त्र शिकवणाऱ्यांनी मात्र तो अवश्य वापरावा, निदान आघाडी आणि सरकार यांची बाजू विद्यार्थ्यांना आलटून पालटून द्यावी.

शेवटच्या फेरीतील एक दोष मात्र नियमात बदल करून दूर करावा लागतो. खेळ केव्हा संपणार याचा अंदाज सर्वांना असतो, म्हणून आघाडीचा खेळाडू अखेरच्या पाळ्यांत घाईघाईने सैन्य काढून घेतो आणि त्या क्षणी जो पाठिंबा दिसतो त्यावर जिंकूनही जातो. पुढे काय झाले याची नोंद कोठेच होत नाही. सोव्हिएत सैन्य १५ फेब्रुवारी १९८९ रोजी बाहेर पडले, तरी त्याच्या पाठबळावर उभे असलेले काबूलमधील नजीबुल्ला यांचे सरकार एप्रिल १९९२ पर्यंत टिकले; २०२१ मध्ये शेवटचे अमेरिकी विमान ३० ऑगस्टला उडाले, पण काबूल त्याआधीच, १५ ऑगस्टला पडले होते. या दोन माघारींतील फरक मूळ गुणपद्धतीत धरता येत नाही. म्हणून आम्ही असा नियम केला की आघाडीने माघार पूर्ण केल्यावर उरलेल्या तिघांनी पत्त्यांची आणखी एक थप्पी खेळावी आणि आघाडीचे गुण त्यानंतर मोजावेत. याने डाव लांबतो, हे खरे. पण आघाडीचा खेळाडू मग सुरुवातीपासूनच पोलीस भरतीकडे लक्ष देतो, सरकारच्या खाबूगिरीकडे काणाडोळा करण्याऐवजी तिच्यावरून भांडतो, आणि तालिबानशी बोलणी करायची तर सरकारला वगळून करावीत की सोबत घेऊन, याचा विचार माघारीच्या बऱ्याच आधी करू लागतो.